इरझल

तू बाहेरगावची, म्हणून आधीच सांगते:
बाजारात पुडीत मिळते ती इरझल नव्हे.
ती नुसती साखर, वर पिवळा रंग,
कुणाच्याही घरी थिजते, काहीही झालेलं असो.

खरीला लागतो दिवेमाशीचा मध,
कड्यावरच्या पोळ्यातला, उजेड न विझलेला,
खारशेळीचं दूध, चिमूटभर राख,
आणि दोन्ही चंद्र डोक्यावर.
धाकटा चंद्र लंगडा; तो पोचेपर्यंत
घोटत राहायचं. खांदे भरून येतात.
मग काळ्या पाटावर ओतायची
आणि घरातल्या सगळ्यांनी भोवती बसायचं.

कारण घरात भांडण असेल तर ती थिजत नाही.

ही सांगोवांगीची गोष्ट नाही.
मी सात वर्षं पाहिलंय.

आमच्याकडे भांडण होतं होडीवरून.
धुक्यावर चालणारी जुनी होडी, आजोबांची,
ओस्मिरा आत्यानं एका दुपारी निळी रंगवली.
बाबा घरी आले, म्हणाले, "विचारलं होतंस?"
ती म्हणाली, "निळा रंग कुणी विचारून देतं?"
बस. एवढंच.
एवढ्यावर एका चुलीच्या दोन झाल्या,
मिठाची बरणीसुद्धा वाटून घेतली.

तरी साव्हेनच्या रात्री दोघं पाटाशी यायची,
एक या टोकाला, एक त्या टोकाला,
आणि मधे इरझल, पातळ ती पातळच,
दोन चंद्र पोटात घेऊन हलत.

पहाटे गाव ताटं घेऊन निघायचं.
व्रेनूंच्या घरची चौकोनी, आरशासारखी.
हाल्देक म्हातारीची तर हातोडीनं फोडावी लागे;
पन्नास वर्षांत तिच्याशी भांडायला
घरात कुणी नव्हतंच.
आमच्या दाराशी आले की लोक गालात हसत.
आई वाट्या पुढे करायची.
"यंदाही प्यायचीच का?"
"यंदाही."

पण ऐक, ती पातळ इरझल!
कोमट, धुराच्या वासाची, ओठांना चिकटणारी.
आम्ही बोटं चाटायचो, मग वाटी, मग मनगट.
इतर घरांतली पोरं मागच्या दारानं येत,
आपापल्या कडक वड्या खिशात विसरून.
बाबा पळी बुडवत छताला म्हणायचे,
"कुणीतरी राख जास्त घातलीय."
आत्या भिंतीला सांगायची,
"कुणाला तरी जीभच नाही."
अख्ख्या वर्षात एकमेकांशी बोललेली
तेवढीच दोन वाक्यं.

आठव्या वर्षी आत्या निळी होडी घेऊन
धुक्यात गेली. दोर सोडताना हाक नाही, काही नाही.
हिवाळा सरला.
होडी आली नाही, फळकूटही नाही.

त्या साव्हेनला बाबांनी एकट्यानं घोटलं.
धाकटा चंद्र अजून कड्यामागेच होता
आणि पाटावर कट्ट आवाज झाला.

थिजली.
इतकी गुळगुळीत की आईला तिच्यात स्वतःचं तोंड दिसलं.
शेजारी आले, म्हणाले, "सुटलं बाई एकदाचं!"
बाबांनी सुरी लावली. सुरी घसरली.
आम्ही पोरं वाट्या घेऊन बसलो होतो,
सवयीनं.
बऱ्याच वेळानं बाबा छताला म्हणाले,
"राख जास्त झालीय."
आणि भिंतीकडे बघत राहिले.

आता हे घर माझं, पाट माझा, पळी माझी.
दरवर्षी साव्हेनच्या आदल्या दिवशी
मी केल्वशी, माझ्या भावाशी, काहीतरी उकरून काढते.
गेल्या वर्षी त्याची शिडी अर्ध्यात कापली.
त्याआधी त्याच्या शेळीला माझं नाव दिलं.
यंदा त्याचं दार निळं रंगवलंय.
न विचारता.

तो बघ, उतारावरून येतोय, हातवारे करत.
घाबरू नकोस. बैस.
ताट राहू दे,
ती वाटी घे.